अन्विरा: कोशात नाही, व्याकरणात आहे

प्रश्न: काकू, नमस्कार. मी नागपुरात मनीषनगरला राहते, माहेर वर्ध्याचं. मला दीड महिन्याची मुलगी आहे. मुलगी झाली तर 'अन्विरा' नाव ठेवायचं, हे मी आणि नवऱ्यानं आधीच ठरवलं होतं. पण घरात एकमत होत नाही, म्हणून बारसं लांबतंय. सासूबाई म्हणतात, "हे काय नाव हाय व माय? औषधाच्या शिशीवरचं वाटते." सासऱ्यांना त्यांच्या आईचं 'इंदुमती' हे नाव हवं आहे. नेटवर पाहिलं तर एकीकडे अन्विरा म्हणजे लक्ष्मी, दुसरीकडे शूर स्त्री, तिसरीकडे देवाची भेट. या नावाला खरंच काही अर्थ आहे का? नसेल तर ठेवू नये का? मला ते फार आवडतं, पण का आवडतं ते कुणाला सांगता येत नाही.
(एक आई, मनीषनगर)

उत्तर: ताई, तीन ठिकाणी तीन अर्थ पाहून तुम्हाला शंका आली ती रास्तच आहे. वामन शिवराम आपट्यांच्या संस्कृत कोशात अन्वय आहे, अन्वित आहे, अन्वेषण आहे, पण अन्विरा नाही. लक्ष्मीची नावं अमरकोशात एका जागी दिली आहेत: पद्मालया, पद्मा, कमला, श्री, हरिप्रिया, इंदिरा, लोकमाता, मा, क्षीरोदतनया, रमा. त्यातही अन्विरा नाही. मुलीचं नाव दिसलं की लक्ष्मी, दुर्गा किंवा 'देवाची भेट' यांतलं काहीतरी लिहून टाकायचं, अशी या याद्यांची रीत झाली आहे. त्यावर विसंबू नका.

'शूर स्त्री' हा अर्थ 'वीरा' ऐकून कुणीतरी लावला असणार. पण तुम्ही पत्रात वि ऱ्हस्व लिहिला आहे आणि तो तसाच राहू द्या. दीर्घ केला की नावाची सगळी घडीच विस्कटते. काही जण अन् + वीरा अशी फोड करून दाखवतात, तीही चालणार नाही. नकाराचा 'अन्' स्वराआधी येतो: अनंत, अनादी. व्यंजनाआधी नुसता 'अ' येतो: अशांत, अविचल. म्हणजे वीराला नकार लावला तर शब्द होतो अवीरा, आणि संस्कृत कोशात अवीरा म्हणजे जिला पती नाही, पुत्र नाही अशी स्त्री. हल्ली 'अवीरा' हे नावही शूर या अर्थानं ठेवतात, म्हणून मुद्दाम सांगते. ज्यांनी ठेवलं आहे त्यांनी मात्र घाबरून बदलायला धावू नये. बाईची ओळख नवरा आणि मुलगा यांवरून मोजणाऱ्या काळाचा तो अर्थ आहे. आजची अवीरा तो अंगाला लावून घ्यायला बांधलेली नाही.

आता तुमच्या नावाकडे येते. मी ते कागदावर सुटं करून पाहिलं आणि मला खरंच आनंद झाला. शाळेत संस्कृत शिकलेल्यांना 'इको यणचि' हे पाणिनीचं सूत्र आठवत असेल. उ च्या पुढे निराळा स्वर आला की उ चा व् होतो. अनु + अय = अन्वय. अनु + इत = अन्वित. अनु + एषण = अन्वेषण. डिसेंबरात अधिवेशन आलं की आपल्याकडे जमावबंदीचे आदेश निघतात आणि त्यात 'कलम अमुक अन्वये' असं छापलेलं असतं. ते 'अन्वये'ही याच घरातलं. त्याच चालीनं अनु + इरा = अन्विरा. एक मात्रासुद्धा ओढूनताणून बसवावी लागत नाही.

इरा हा शब्द फार जुना आहे. इरा म्हणजे पाणी, पेय, अन्न. इरा म्हणजे भूमी. इरा म्हणजे वाणी, सरस्वती. इरावती म्हणजे पाण्यानं भरलेली. इरावती कर्वे यांचा जन्म १९०५ साली ब्रह्मदेशात झाला आणि तिथल्या इरावती नदीवरून त्यांचं नाव ठेवलं गेलं. अनु म्हणजे मागोमाग, सोबतीनं, काठाकाठानं. काशी गंगेच्या काठानं लांबवर पसरली आहे हे दाखवायला वैयाकरण 'अनुगङ्गं वाराणसी' हे उदाहरण देतात. तेव्हा अन्विराचा अर्थ लागतो तो 'पाण्याच्या सोबतीनं जाणारी' किंवा 'वाणीच्या मागोमाग चालणारी'. मला स्वतःला दुसरा जास्त आवडला. घरात बोलकं पोर हवंच.

पंडित मंडळी इथे एक हरकत घेतील. अनुगङ्गम् सारखा समास केला तर रूप 'अन्विरम्' होईल, अन्विरा होणार नाही. हरकत बरोबर आहे. पण 'इरेला अनुसरणारी ती' असा विग्रह करून ते विशेषण मानलं की स्त्रीलिंगी रूप अन्विरा असंच होतं. मुलीच्या नावासाठी मला तेवढा आधार पुरेसा वाटतो.

एवढं मात्र प्रामाणिकपणे सांगत चला, की हा अर्थ आज लावलेला आहे. बारशाच्या पत्रिकेवर 'अन्विरा, लक्ष्मीचे एक नाव' असं छापू नका. कुणी विचारलं तर सांगा: नाव नवं आहे, आम्हाला आवडलं म्हणून निवडलं, अनु आणि इरा यांचा संधी आहे, अर्थ असा असा. उद्या मुलगी मोठी होऊन स्वतः कोश उघडेल तेव्हा आईबापांनी सांगितलेलं खरं निघालं पाहिजे. नाव घडवण्यात काही उणेपणा नाही. उणेपणा आहे तो त्याला उसनं देवत्व चिकटवण्यात.

आणि तुम्हाला ते आवडतं का, याचंही उत्तर मला दिसतं. अन्विरा पहिल्यांदा कानावर पडलं तेव्हा ते ओळखीचं वाटलं असणार. मीरा, नीरा, इरा आपल्या कानात आहेत. तन्वी, अन्विता आहेत. 'न्व' हे जोडाक्षर जिभेला नवं नाही, धन्वंतरी म्हणताना आपण अडखळत नाही. मध्ये ट, ठ, ड असं ठसठशीत अक्षर नाही. शेवटचा रा मोकळा आहे, हाक मारताना हवा तेवढा लांबवता येतो. ऐकायला जुन्या घरचं आणि तरी गल्लीत दुसऱ्या कुणाचं नाही, ही त्याची ओढ आहे.

दुसरी कुणी नसणं ही गोष्ट मी हलकी मानत नाही. मी इथल्याच महाल भागातल्या मुलींच्या शाळेत संस्कृत शिकवत होते. हजेरी घेताना एका वर्गात तीन वैशाली असायच्या, मग त्यांना आडनावानंच हाक. पुढे वैशाली गेल्या, पूजा आणि स्नेहा आल्या. एक हुशार पूजा होती, तिला बाकीच्या 'चष्मेवाली पूजा' म्हणायच्या. तिनं मला विचारलं होतं, "मॅडम, माझं नाव माझंच का नाही?" तुमच्या पिढीच्या मुली आज आया झाल्या आहेत. आपल्या लेकीचं नाव वर्गात एकटीचं असावं, असं त्यांना वाटतं त्यामागे तो 'चष्मेवाली' शब्द आहे.

सासूबाईंच्या बोलण्यातही तथ्य आहे, बरं का. नाव ऐकलं की डोळ्यांपुढे काही उभं राहावं, अशी त्यांची अपेक्षा आहे. कमल म्हटलं की कळतं, सुमन म्हटलं की कळतं. अन्विरा म्हटल्यावर त्यांच्यापुढे काहीच येत नाही, मग ते परकं वाटतं. त्यांना शेजारी बसवून अनु आणि इरा उलगडून सांगा. हेही सांगा, की यमुना, भागीरथी, गोदावरी यांच्या पाठोपाठ घरात पहिली नलिनी किंवा शालिनी आली तेव्हा तिच्याही आजीनं नाक मुरडलं असेल. पारस्कर गृह्यसूत्राचा नियम त्यांना नक्की आवडेल: मुलीच्या नावात अक्षरं विषम असावीत आणि शेवटी आ असावा. अ, न्वि, रा. अक्षरं तीन, शेवटी आ. (इंदुमतीत चार अक्षरं आहेत आणि शेवटी ई आहे. पण हे सासऱ्यांना ऐकवायला जाऊ नका. त्यांच्या आईचं नाव आहे ते.)

आपल्या विदर्भात तर घडवलेल्या नावाचं वावडं असायला नको. इंदुमती कोण होती? विदर्भाची राजकन्या, अजाची राणी. कालिदासानं रघुवंशात तिचं स्वयंवर रंगवलं आणि हातात माला घेऊन एकेका राजासमोरून जाणाऱ्या इंदुमतीला चालत्या दीपशिखेची उपमा दिली. त्या उपमेवरून त्यालाच लोक दीपशिखा कालिदास म्हणू लागले. दमयंती आपली, रुक्मिणी आपली, आणि लोपामुद्राही आपलीच. महाभारतात लोपामुद्रेची गोष्ट अशी आहे: अगस्त्यांनी निरनिराळ्या प्राण्यांमधलं जे जे सुंदर ते ते घेऊन एक मुलगी घडवली आणि अपत्यासाठी तप करणाऱ्या विदर्भाच्या राजाकडे ती वाढायला दिली. इथून तिथून निवडून सुंदर ते एकत्र आणलेली मुलगी विदर्भाच्या राजवाड्यात वाढली. मग निवडून आणलेल्या अक्षरांचं नाव मनीषनगरात वाढायला कोणाची हरकत?

संस्कृतातून नवं नाव घडवण्याचं काम मोठमोठ्यांनी केलं आहे. अमर्त्य सेन यांचं 'अमर्त्य' हे नाव रवींद्रनाथांनी दिलेलं. आणि नागपुरात राहून १४ ऑक्टोबर १९५६ विसरता येत नाही. दीक्षाभूमीवर धम्मदीक्षा झाली, त्यानंतर कितीतरी घरांतली मुलींची नावं पालटली. ज्या घरांत पूर्वी दगडी आणि धोंडी होत्या त्या घरांतून प्रज्ञा, करुणा, सुजाता, यशोधरा, संघमित्रा माझ्या वर्गात आल्या. ती नावं पुकारताना मला नेहमी जाणवायचं, की ती कुणीतरी फार विचारानं, मान ताठ करून ठेवली आहेत. नाव आईबापांना निवडता येणं हीच केवढी मोठी गोष्ट आहे! सातारा जिल्ह्यात २०११ साली जिल्हा परिषदेनं 'नकुशी' नावाच्या २८५ मुलींचं नव्यानं नामकरण केलं. 'नको असलेली' हा अर्थ त्या पोरींनी शाळेच्या दाखल्यावरसुद्धा वागवला होता. अर्थाला काय महत्त्व, असं म्हणणाऱ्यांना मी हेच उदाहरण देते.

लग्नात नावं बदलली जात, तेही आठवा. ताटातल्या तांदळांवर नवरदेव अंगठीनं बायकोचं नवं नाव लिहायचा. शाळेतली कुसुम त्या दिवसापासून सासरची सुलोचना व्हायची आणि तिला कुणी विचारतही नसे. आज तुम्ही दोघं मिळून लेकीचं नाव ठरवता आहात, त्यात तुमचा, म्हणजे आईचा शब्द आहे, याचं मला फार अप्रूप वाटतं.

राहिली इंदुमती. पूजाविधीत नावं चार असतात: देवतानाम, मासनाम, नक्षत्रनाम आणि व्यवहारनाम. पाळण्यात एकाहून अधिक नावं घ्यायला आपल्याकडे कुणाची ना नाही. 'कुणी गोविंद घ्या, कुणी गोपाळ घ्या' झालं, की आत्यानं कानात आधी इंदुमती सांगावं आणि मग अन्विरा. घुगऱ्या वाटताना सासऱ्यांना सांगू द्या, की नात आईच्या नावाची आहे. घरात तिला इंदू म्हणून हाक मारायला त्यांना कोण अडवणार? हाकेचं म्हणाल तर आपल्याकडे 'ए अन्वे' होणारच, तयारी ठेवा. बारशाआधी एकदा गॅलरीत उभं राहून मोठ्यानं हाक मारून बघा. आणि पूर्ण नावही एका दमात म्हणून बघा. १ मे २०२४ पासून जन्मलेल्या बाळांच्या नावात बाळाचं नाव, मग आईचं, मग वडिलांचं आणि शेवटी आडनाव असा क्रम महाराष्ट्रात आला आहे. अन्विराला लागून आता तुमचं नाव येणार. दोन्ही नावं शेजारी कशी वाजतात ते कानांनी तपासा.

कागदाची घाई करू नका, पण हलगर्जीही नको. जन्माची नोंद २१ दिवसांत करायची असते आणि ती नावाशिवायही होते. तुमची झालीच असेल. त्यात नाव घालायला १२ महिन्यांपर्यंत शुल्क नाही, पुढे विलंब शुल्क भरून १५ वर्षांपर्यंत ते घालता येतं. मनपाच्या ऑफिसात अर्ज देताना देवनागरीतलं नाव स्वतःच्या हातानं, ठळक लिहा: अ, न वर व जोडून ऱ्हस्व वि, रा. नाही तर कुणीतरी इंग्रजी स्पेलिंगवरून कॉम्प्युटरला मराठी करायला सांगतं आणि 'अनवीरा' छापून येतं. आधार कार्डांवर अशी कितीतरी नावं बिघडलेली मी पाहिली आहेत. प्रिंट हातात पडली की खिडकीतून हलण्याआधी वाचा.

प्रश्न: माझ्या नातीचा जन्म हस्त नक्षत्राच्या तिसऱ्या चरणावर झाला. गुरुजींनी 'ण' हे अक्षर काढून दिलं. ण वरून नाव कुठून आणायचं? मुलगा 'णायरा' म्हणतो. हे बरोबर आहे का?
(एक आजोबा, इतवारी)

उत्तर: आजोबा, हस्ताची अक्षरं पू, ष, ण, ठ अशीच आहेत, तेव्हा गुरुजींनी चूक केलेली नाही. पण आपल्या मराठीत ण नं शब्द सुरू होत नाही. प्राकृतात होतो, जैनांच्या नवकार मंत्रातलं 'णमो' तुम्ही इतवारीत ऐकलं असेल. 'णायरा' हे नायराचं न काढून ण बसवलेलं रूप आहे. शाळेतले मास्तर पहिल्याच दिवशी त्याला नायरा करतील आणि ती पोर जन्मभर 'बाणातला ण' असं सांगत बसेल. नक्षत्रनाम विधीपुरतं पाळण्यात घ्या. व्यवहारातलं नाव कोणत्याही अक्षरावरून ठेवा, शास्त्राची त्याला आडकाठी नाही. नायराच आवडलं असेल तर सरळ न लिहून नायरा ठेवा.

प्रश्न: मी दहावीत आहे. माझ्या बाबांचं नाव दीपक, आईचं शारदा, म्हणून माझं 'दीशा'. मराठीच्या मॅडम प्रत्येक वेळी लाल पेनानं 'दिशा' करतात. मैत्रिणी म्हणतात, तुझ्या नावाला अर्थच नाही. मी काय सांगू?
(एक विद्यार्थिनी, नंदनवन)

उत्तर: बेटा, पूर्व, पश्चिम या अर्थाचा 'दिशा' ऱ्हस्वच लिहायचा, निबंधात तिथे चुकू नकोस. तुझं नाव हा तो शब्दच नाही. दीपकचा दी आणि शारदेचा शा मिळून ते झालं आहे, म्हणून त्यातला दी दीर्घ आहे. विशेषनाम ज्याचं तो जसं लिहितो तसंच लिहायचं असतं. आपल्या गावाचंच बघ. संस्कृतात पुर ऱ्हस्व आहे, पण मराठी साहित्य महामंडळाच्या शुद्धलेखनाच्या नियमांत गावाच्या नावातलं पूर दीर्घ लिहावं असं स्पष्ट सांगितलं आहे आणि उदाहरणांत नागपूर आहे. मॅडमना हे दाखव, त्या रागावणार नाहीत. मी त्यांच्या जागी असते तर मला आनंदच झाला असता.

मैत्रिणींना सांग, दीप म्हणजे दिवा, शारदा म्हणजे सरस्वती, दोन्हीतलं पहिलं पहिलं अक्षर माझ्याकडे आहे. याहून मोठा अर्थ फार थोड्या नावांना असतो. आणि एक काम आजच कर: बोर्डाच्या फॉर्मवर तुझं नाव मराठीत आणि इंग्रजीत कसं गेलंय ते शाळेच्या ऑफिसात जाऊन बघ. दी ऱ्हस्व झाला असेल तर गुणपत्रिका छापून येण्याआधी मुख्याध्यापकांना लेखी अर्ज दे आणि सोबत जन्मदाखल्याची झेरॉक्स जोड.